सनद चालू ठेवायची, की सेबीत जायचं?

एलएल.बी. होऊन दोन-तीन वर्षं झालेली असतात, सिनियरच्या चेंबरमध्ये जरा कुठे बस्तान बसू लागलेलं असतं, आणि सेबीची, म्हणजे शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या नियामक संस्थेची, जाहिरात येते. सहायक व्यवस्थापक, विधी शाखा, वयोमर्यादा ३०. मी मुंबईत रोखे कायद्याची प्रकरणं चालवते, त्यामुळे दर जाहिरातीनंतर कोणी ना कोणी ज्युनियर हा प्रश्न घेऊन येतोच. सुरुवात बहुतेक जण पगारापासून करतात, तर तो हिशेब आधी उरकून टाकू.

सेबीत मुंबईत सुरुवातीलाच दरमहा दीड लाखाच्या वर मिळतात. चेंबरमधल्या ज्युनियरला शहरात निदान २०,००० द्यावेत असं बार कौन्सिल ऑफ इंडियाने ऑक्टोबर २०२४ मध्ये सुचवलं. नुसतं सुचवलं, सक्ती नाही. मोठ्या लॉ फर्म चांगला पैसा देतात, पण तिथे घरी जायची वेळ आपल्या हातात नसते. डोक्यावर कर्ज असेल, आईवडील तुमच्यावर अवलंबून असतील, तर सेबीचा पगार हे पुरेसं कारण आहे. त्यात कमीपणा मानू नका. वकिलीत जम बसला तर पुढे कमाईला मर्यादा नाही हे खरं, पण त्या ‘तर’मध्ये कधी कधी दहा वर्षं जातात.

खरा फरक कामात आहे. सेबीच्या आदेशांविरुद्धची अपिलं रोखे अपील न्यायाधिकरणात, म्हणजे सॅटमध्ये, चालतात. तिथे मॅटर पुकारलं की सेबीच्या बाजूने साधारणपणे बाहेरून नेमलेला वकील उभा राहतो. सेबीचा अधिकारी त्याच्या मागच्या रांगेत फाइल उघडून बसलेला असतो. ‘नोटिशीला जोडलेला ट्रेड लॉग (शेअर व्यवहारांची नोंद) कुठल्या पानावर?’ असं खंडपीठाने विचारलं की पान काढून देतो तो. तारीख चिठ्ठीवर लिहून पुढे सरकवतो तो. प्रकरणाची खडान्‌खडा माहिती त्यालाच असते, पण बोलतो दुसराच. ज्याला युक्तिवादाची ओढ आहे, त्याला ही मागची रांग सोसत नाही.

आता दुसरी बाजू, आणि ती मला जास्त मोलाची वाटते. वकील कितीही मोठा झाला तरी निकाल देत नाही. सेबी कायद्याच्या कलम १५-आय खाली न्यायनिर्णय अधिकारी म्हणून सेबीचाच वरिष्ठ अधिकारी नेमला जातो. इनसायडर ट्रेडिंग, म्हणजे कंपनीची आतली माहिती वापरून केलेले शेअर व्यवहार, अशा प्रकरणात तो २५ कोटी किंवा नफ्याच्या तिप्पट, यांतली जी रक्कम मोठी असेल तिथपर्यंत दंड लावू शकतो. नोटीस काढायची, समोरच्याचं उत्तर वाचायचं, सुनावणी घ्यायची आणि त्याच्या एकेका मुद्द्याला आदेशात उत्तर द्यायचं. एखादा महत्त्वाचा मुद्दा सुटला तर प्रकरण सॅटमधून परत येऊ शकतं. टी. टाकानो प्रकरणात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की तपास अहवालातला संबंधित भाग नोटीस मिळालेल्याला द्यायला हवा, त्रयस्थांची गोपनीयता सांभाळून. म्हणजे फाइलमधलं काय द्यायचं, काय झाकायचं, हेही तुम्हालाच ठरवावं लागतं, तेही आपल्याच संस्थेच्या तपासाकडे परक्यासारखं बघून. हे सोपं नाही. पण नीट लिहिलेल्या आदेशात केवढी ताकद असते ते सहारा प्रकरणात दिसलं. सेबीचे पूर्णवेळ सदस्य के. एम. अब्राहम यांनी सहारा समूहाच्या कंपन्यांविरुद्ध जून २०११ मध्ये दिलेला आदेश सर्वोच्च न्यायालयापर्यंत टिकला, आणि ३१ ऑगस्ट २०१२ रोजी २४,००० कोटींहून अधिक रक्कम गुंतवणूकदारांना १५ टक्के व्याजासह परत करण्याचा हुकूम झाला. अब्राहम सनदी अधिकारी होते, वकील नव्हेत. विधी शाखेतला नवा अधिकारी अशा आदेशापर्यंत एकदम पोचत नाही, आधी बरीच वर्षं टिपणं आणि मसुदे लिहावे लागतात.

जाहिरातीत न दिसणाऱ्या गोष्टीही बघून ठेवा. पूर्णवेळ पगारी नोकरी धरली की बार कौन्सिलच्या नियम ४९ प्रमाणे वकिली बंद, सनद स्थगित करून घ्यावी लागते. न्यायाधीश व्हायचा विचार असेल तर हे विशेष लक्षात घ्या, कारण मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कनिष्ठ स्तरावरच्या दिवाणी न्यायाधीशपदासाठी तीन वर्षांच्या वकिलीची अट पुन्हा आणली आहे. बदली दिल्ली, कोलकाता, चेन्नई, अहमदाबाद अशी कुठेही होऊ शकते. विधी शाखेतून निवड झाली म्हणून कायम विधी विभागातच राहाल असंही नाही. आणि स्वतःच्या शेअर व्यवहारांवर बंधनं येतात, ती घरच्यांनाही आधीच सांगून ठेवा.

परतीची वाट मात्र असते. संदीप पारेख २००६ ते २००८ सेबीत कार्यकारी संचालक होते, नंतर त्यांनी स्वतःची फर्म काढली. उलट दिशेनेही जाता येतं. वीज नियामक आयोगात किमान एक सदस्य कायद्याच्या क्षेत्रातला हवा, असा सर्वोच्च न्यायालयाचा २०१८ चा निकाल आहे. तेव्हा वीस वर्षं वकिली करून नियामकाच्या खुर्चीत बसणंही शक्य आहे. फक्त तिथे नेमणूक होते, परीक्षा नसते, म्हणून त्या भरवशावर बेत आखू नका.

माझं मत विचाराल तर आधी दोन वर्षं कोर्टात काढा. समोरच्या बाकावर बसून नोटीस वाचलेली असली की पुढे ती लिहिताना हात जपून चालतो. २८ पूर्ण झाली असतील तर थांबू नका, अर्ज भरा. आणि भरण्याआधी एक दिवस काढून सॅटमध्ये मागे जाऊन बसा. उलटतपासणी नाही, साक्षीदार नाहीत, नुसता कागद आणि युक्तिवाद. जेवणाच्या सुट्टीत बाहेर याल तेव्हा मनात काय घोळतंय ते बघा: वकिलाने खंडपीठाला दिलेलं उत्तर, की त्या आदेशातला परिच्छेद तुम्ही कसा लिहिला असता ते.