प्रयोग स्वतः लावायचा की कंत्राटावर द्यायचा? नव्या नाट्यनिर्मात्यासाठी तुलना

संहितेला रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचे प्रमाणपत्र मिळाले, तालमी झाल्या, शुभारंभ झाला. इथपर्यंत व्यावसायिक मराठी रंगभूमीवरच्या बहुतेक निर्मात्यांची वाट सारखीच असते. फाटा फुटतो तो सहाव्या-सातव्या प्रयोगाच्या सुमारास. ओळखीपाळखीचे आणि पासवर येणारे प्रेक्षक तोवर संपलेले असतात. अशा वेळी ठरलेल्या रकमेला प्रयोग विकत घेऊन त्याची तिकिटे स्वतः विकणाऱ्या एखाद्या कंत्राटदाराचा फोन येतो, "प्रयोग कितीला देता?" एका बाजूला ठरलेली रक्कम असते, दुसऱ्या बाजूला नाट्यगृहाची तारीख, जाहिरात, बुकिंगची खिडकी आणि पूर्ण जोखीम.

मी पहिली दोन वर्षे प्रयोग स्वतः लावण्याच्या बाजूने राहिलो, त्यामुळे माझा कल तिकडेच आहे हे आधी सांगून ठेवतो. प्रत्येक नाटकाला आणि प्रत्येक निर्मात्याला तो लागू पडेलच असे नाही.

आधी आकडे बघू. हे आकडे केवळ उदाहरणाचे आहेत, त्यांच्या जागी आपल्या नाटकाचे घालावेत. समजा, नाट्यगृहात 900 खुर्च्या आहेत. पुढच्या 300 खुर्च्यांचे तिकीट 500 रुपये, मधल्या 300 चे 400 आणि मागच्या 300 चे 300. घर पूर्ण भरले तर गल्ला 3,60,000. कलाकारांच्या नाइट्स (म्हणजे प्रत्येक प्रयोगाचे मानधन), बॅकस्टेज, लेखक-दिग्दर्शकांचे मानधन, प्रकाश-ध्वनी, बस, नाट्यगृहाचे भाडे आणि जाहिरात मिळून खर्च 1,60,000 धरू. प्रयोग कंत्राटावर दिला की भाडे आणि जाहिरात कंत्राटदाराकडे जाते. मग आपला खर्च 1,15,000 वर येतो आणि त्याने 1,50,000 दिले तर हातात 35,000 राहतात.

स्वतः लावलेल्या प्रयोगातून तेवढेच 35,000 सुटायला गल्ला 1,95,000 व्हायला हवा. पूर्ण गल्ल्याच्या मानाने हे 54 टक्के होतात, पण खुर्च्या मोजल्या तर चित्र वेगळे दिसते. प्रेक्षक पुढून भरत गेले तर पुढच्या 300 आणि मधल्या 113 खुर्च्यांमध्येच 1,95,200 होतात. म्हणजे 900 पैकी 413, निम्म्याहून कमी. 'निम्मे घर भरेल की नाही' या धास्तीने प्रयोग विकणाऱ्याने आधी हा हिशेब कागदावर मांडावा.

तिकीट वाढवून गल्ला वाढवण्याचा विचार असेल तर 500 ची मर्यादा लक्षात ठेवा. माणशी 500 रुपयांपर्यंतच्या नाटकाच्या तिकिटावर वस्तू व सेवा कर नाही. त्याच्या वर गेलात की पूर्ण तिकिटावर 18 टक्के. करासह 600 चे तिकीट लावले तर संस्थेच्या हाती साधारण 508 रुपये उरतात. आठ रुपयांसाठी प्रेक्षकाच्या खिशातून शंभर जास्त काढायचे, हे मला पटत नाही. कंत्राटावर तिकिटाचा दर कंत्राटदार ठरवतो आणि महाग तिकिटाचा राग मात्र नाटकावर निघतो.

कंत्राटाच्या बाजूनेही खूप काही बोलता येईल. पैसे ठरलेले असतात. वर्तमानपत्रातली जाहिरात हा स्वतः लावलेल्या प्रयोगाचा सर्वांत बोचणारा खर्च, कारण आठवड्यात एकच प्रयोग असला तर तो सगळा त्याच प्रयोगावर बसतो. शुक्रवार ते रविवार तीन प्रयोग एकाच जाहिरातीत बसवले तर तो तिघांत वाटला जातो, पण त्यासाठी तिन्ही तारखा मिळाव्या लागतात. नव्या संस्थेला शिवाजी मंदिर, दीनानाथ, गडकरी रंगायतन किंवा बालगंधर्वसारख्या ठिकाणी शनिवार-रविवारची रात्र सहजासहजी मिळत नाही. मिळते ती मंगळवारची किंवा सकाळचे सत्र. मोक्याची तारीख कंत्राटदाराच्या हातात असेल तर त्याच्यामार्फत जाणे हा व्यवहार आहे, त्यात कमीपणा काही नाही.

खेळत्या पैशाचा प्रश्नही आहे. नाइट त्याच दिवशी द्यावी लागते, ऑनलाइन विकलेल्या तिकिटांचे पैसे मात्र काही दिवसांनी जमा होतात. सहा प्रयोगांचा पूर्ण खर्च, म्हणजे वरच्या हिशेबात 9,60,000, बाजूला असल्याशिवाय स्वतः प्रयोग लावायला बसू नये. तेवढे नसतील तर निवड आपोआपच झाली. कंत्राट घ्या आणि पुढचे परिच्छेद नंतरसाठी ठेवा.

पैसे असतील, तर ज्या एका गोष्टीने माझा निर्णय ठरवला ती सांगतो. विकलेल्या प्रयोगाचा प्लॅन आपल्याला दिसत नाही.

खिडकीवरचा प्लॅन, खुर्च्यांवर पेन्सिलीने काट मारलेला कागद, म्हणजे केवळ किती तिकिटे गेली याची नोंद नव्हे. कोणत्या रांगा कोणत्या दिवशी गेल्या, एकेकटी तिकिटे गेली की चार-पाच सलग, मागचे आधी गेले की पुढचे, हे सगळे त्यावर असते. कंत्राटावर यातले काहीच हाती येत नाही. रात्री फोन केला की "चांगलं गेलं" किंवा "जरा थंड होतं" एवढेच ऐकू येते. असे दहा-पंधरा प्रयोग झाल्यावर निर्मात्याकडे पैसे असतात, पण आपले नाटक कोण बघते आहे हे त्याला सांगता येत नाही. पुढचा निर्णय तो अंदाजाने घेतो.

मघाचेच 413 प्रेक्षक घ्या. ते पुढून बसले तर गल्ला 1,95,200. ते मागून बसले, म्हणजे मागच्या 300 खुर्च्या भरून मधल्या 113 गेल्या, तर 1,35,200. माणसे तेवढीच आणि प्रेक्षागृहातला हशाही तेवढाच, पण पहिल्या प्रयोगात 35,200 सुटतात आणि दुसऱ्यात 24,800 चा खड्डा पडतो. रंगमंचावरून हा साठ हजारांचा फरक दिसत नाही. तो प्लॅनवर दिसतो, आणि तोही बुकिंग उघडल्यावर तिसऱ्या-चौथ्या दिवशी, जेव्हा अजून काहीतरी करता येते.

प्लॅन वाचायची काही गमके अनुभवाने बसतात. पुढच्या रांगा पहिल्या दोन दिवसांत गेल्या आणि नंतर खिडकी थंडावली, तर आलेला प्रेक्षक कलाकाराच्या नावावर आलेला आहे. नाटकाचा विषय अजून लोकांपर्यंत पोहोचलेला नाही. अशा वेळी जाहिरातीतला चेहरा मोठा करून उपयोग नसतो, गोष्ट काय आहे ते सांगणारी ओळ बदलावी लागते. मागच्या रांगा आणि बाल्कनी आधी भरली आणि पुढचा भाग मोकळा राहिला, तर लोकांना नाटक बघायचे आहे पण दर जड वाटतो आहे. पुढच्या भागातल्या शेवटच्या चार रांगा 400 वर आणल्या की बऱ्याचदा गाडे हलते. चार-पाच सलग खुर्च्या जास्त जात असतील तर कुटुंबे येत आहेत, मग रात्रीच्या सत्राचा हट्ट सोडून रविवारी दुपारचे सत्र मागावे. जोडीजोडीने जात असतील तर शुक्रवारची रात्रही चालते.

सर्वांत महत्त्वाची नोंद करंट बुकिंगची. प्रयोगाच्या दिवशी शेवटच्या तीन तासांत किती तिकिटे गेली, हा आकडा पहिल्या पाच प्रयोगांत चढत असेल तर तोंडी प्रसिद्धी सुरू झाली आहे. आगाऊ बुकिंग कमी असले तरी धीर धरावा. आगाऊ बुकिंग बऱ्यापैकी आणि करंट जवळजवळ शून्य, असे लागोपाठ दिसले तर आलेला माणूस घरी जाऊन कुणाला काही सांगत नाही असे समजावे. नाटक कधी थांबवायचे, हा निर्मात्याच्या आयुष्यातला सर्वांत अवघड निर्णय. तो घ्यायला माझ्या मते याहून विश्वासाचा आकडा नाही. गल्ला फसवू शकतो, कारण एखाद्या मंडळाने शंभर तिकिटे एकगठ्ठा उचलली की तो फुगतो.

यासाठी फार काही लागत नाही. बुकिंग क्लार्कशी नीट बोलून रोज रात्री खिडकी बंद झाल्यावर प्लॅनचा फोटो घ्यावा. वहीत तारीख, वार, सत्र, नाट्यगृह, त्या दिवशी गेलेल्या रांगा, खिडकी-ऑनलाइन-फोन अशी फोड, पास आणि करंट एवढे रकाने पुरतात. पासांचा रकाना टाळू नका. पुढच्या दोन रांगा पासवर भरल्या असतील तर प्लॅन भरलेला दिसतो आणि गल्ला मात्र जुळत नाही. ऑनलाइन विक्रीचा वेगळा कोटा असेल तर न विकलेल्या खुर्च्या खिडकीवर कधी परत येतात ते आधीच ठरवून घ्यावे. नाहीतर प्रयोगाच्या दिवशी खिडकीवरून माणूस परत जातो आणि आत मधल्या रांगा मोकळ्या राहतात.

स्वतः लावलेल्या प्रयोगात बिघडते तेही बरेच आहे. जवळ आलेली तारीख रद्द केली तर भाडे बहुधा बुडतेच. परीक्षांच्या दिवसांत कुटुंबांचे बुकिंग हमखास बसते, आणि मुसळधार पावसात करंट जवळजवळ नाहीसे होते. प्रयोगाच्या आठवड्यात निर्माता दुसरे काही काम करू शकत नाही. ज्याची नोकरी चालू आहे त्याला जमणारा मामला नव्हे, किंवा मग प्रयोगांची व्यवस्था बघणारा पूर्ण विश्वासाचा सूत्रधार हवा.

मुंबई-ठाणे-पुण्याबाहेर माझे मत बदलते. विदर्भ, मराठवाडा, कोकण किंवा गोव्याच्या दौऱ्यात स्थानिक कंत्राटदाराशिवाय प्रयोग लावणे म्हणजे अंधारात हात घालणे. तिथली वस्ती, बाजाराचा दिवस, शाळांच्या सुट्ट्या त्याला माहीत असतात, आपल्याला नाहीत. गणपती-नवरात्रातले मंडळांचे प्रयोग तर विकलेलेच बरे. फक्त दर सांगताना प्रवास, राहणे आणि जेवण वेगळे असल्याचे लिहून घ्यावे. रंगमंच लहान असला तर नेपथ्याचा कोणता भाग गाळायचा हे दिग्दर्शकाशी आधीच ठरवावे. ट्रक दारात उभा असताना ते ठरवायला गेले की प्रकाशयोजनाही कोलमडते.

कंत्राट करताना तोंडी बोलण्यावर राहू नये. एक तृतीयांश रक्कम तारीख देतानाच घ्यावी आणि उरलेली तिसऱ्या घंटेच्या आधी. मध्यंतरात देतो म्हणणाऱ्याला नम्रपणे नाही म्हणावे. सात दिवसांच्या आत रद्द केल्यास निम्मी, 48 तासांच्या आत रद्द केल्यास पूर्ण रक्कम, असे कलम ठेवावे, कारण कलाकारांनी तो दिवस आपल्यासाठी राखलेला असतो. नेपथ्य लावायला किमान चार तास रंगमंच मोकळा हवा. सत्कार आणि भाषणे मिळून दहा मिनिटांपेक्षा जास्त नकोत. सत्राची वेळ उलटली की जादा आकार पडतो, आणि दुसऱ्या अंकाची लय घाईत मोडते ते वेगळेच. त्याच शहरात आधी-नंतर 15 दिवस दुसरा प्रयोग नसावा, ही अट दोघांनाही बंधनकारक ठेवावी.

एक मधली वाटही आहे. खर्च निघेल एवढ्या किमान रकमेची हमी घ्यायची आणि ठरलेल्या आकड्यावरच्या गल्ल्यात वाटा ठेवायचा. पहिले पंचवीस प्रयोग स्वतः लावायची ऐपत नसेल तर मी हेच सुचवेन. वाट्याचा हिशेब करायला गल्ला दाखवावा लागतो, त्यामुळे रोजच्या प्लॅनचा फोटो पाठवण्याचे कलम त्यात सहज बसते. त्या कलमासाठी दरात दोन-तीन हजार सोडावे लागले तरी सोडावेत, आणि फोटो बुकिंग उघडल्याच्या पहिल्या रात्रीपासून मागावेत. प्रयोग झाल्यावर आलेला शेवटचा फोटो हिशेबापुरता ठीक असतो, पण त्यावरून दर, सत्र किंवा जाहिरात यातले काहीच बदलता येत नाही.