गेम गेले बाहेरच्या एसएसडीवर, शेत राहिलं सी ड्राइव्हमध्ये – ८ महिने वापरल्यावरचा अनुभव

नोव्हेंबरमध्ये १ टीबीची बाहेरून लावायची एसएसडी (डेटा साठवायची वेगवान ड्राइव्ह) घेतली, तेव्हाच लिहिणार होते पण म्हटलं चार दिवस वापरून कौतुक करण्यात काही अर्थ नाही, सगळ्या वस्तू चार दिवस चांगल्याच चालतात. आता ८ महिने झालेत. ब्रँडचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये कारण मला सांगायचंय ते डब्यापेक्षा डब्यात काय ठेवलं आणि काय ठेवायचं राहून गेलं त्याबद्दल आहे.

आधी माझी परिस्थिती. लॅपटॉप एकच, दिवसा त्यावर अकाउंट्सचं काम (घरूनच करते, इंदूरच्या सुदामा नगरात), रात्री जेवणं आटोपली की गेम. आत ५१२ जीबीची एसएसडी, जी विंडोज ४७६ दाखवतं. मला आधी वाटायचं दुकानदाराने फसवलं, पण तसं नाहीये, कंपनी हजाराच्या हिशोबाने जीबी मोजते आणि विंडोज १०२४ च्या, म्हणून आकडा लहान दिसतो. १ टीबीवाली ९३१ दिसते. तर या ४७६ मधे विंडोज, टॅलीचा डेटा, क्लायंट लोकांचे बॅकअप, आईच्या चारधामचे फोटो, आणि उरलेल्या जागेत गेम. दिवाळीपर्यंत सी ड्राइव्हची पट्टी लाल झाली होती, ९ जीबी शिल्लक, आणि रिटर्न भरायच्या ऐन वेळी लॅपटॉप असा रेंगाळायचा की बस्स.

आता यात माझी पहिली चूक, मी जागा कोणी खाल्लीये ते न बघता सरळ सिल्वर मॉल गाठला. आरएनटी मार्गावरचा, इंदूरवाल्यांना सांगायला नको. साडेसहा हजारांच्या आसपास सौदा जमला. दुकानातला मुलगा म्हणाला, "मैडम सब गेम इसमें डाल दो, टेंशन खतम." टेंशन खतम! घरी येऊन बघते तर मलाच माहीत नाही की गेम नेमके आहेत कुठे. डेस्कटॉपवर आयकॉन आहेत, पण आयकॉन कॉपी करून गेम जात नाही एवढं तरी कळत होतं.

तेव्हा विझट्री नावाचं फुकटचं सॉफ्टवेअर टाकलं. हे आधीच करायला हवं होतं. एकेक फोल्डर उघडून मोजत बसत नाही, ड्राइव्हची जी आतली यादी असते तीच थेट वाचतं, म्हणून काही सेकंदात सगळ्यात मोठ्या फायली वर येतात. आणि काय निघालं म्हणता? एक गेम मी पावसाळ्यातच काढून टाकला होता, त्याचा फोल्डर ३८ जीबीचा तसाच पडलेला. कारण मी त्यात मॉड्स (गेममध्ये बदल करणाऱ्या, लोकांनी बनवलेल्या फायली) टाकले होते आणि स्टीम, म्हणजे ज्या ॲपवरून मी बरेचसे गेम घेते ते, गेम काढताना फक्त स्वतः टाकलेल्या फायली काढतं, आपण बाहेरून आणून टाकलेल्या तिथेच राहतात. शिवाय डाउनलोडिंग नावाच्या फोल्डरमध्ये अर्धवट सोडलेलं २२ जीबी. म्हणजे ६० जीबी तर अशीच मोकळी झाली असती. काखेत कळसा आणि मी सिल्वर मॉलला वळसा घालून आले. (एसएसडी घेतल्याचा पस्तावा नाहीये, पण तुम्ही आधी बघून घ्या, कदाचित पैसे वाचतील.)

हायबरफिल नावाची एक लपलेली फाइलही दिसली, ६ जीबीच्या वर, ती लॅपटॉप हायबरनेट करण्यासाठी असते. कमांड देऊन बंद करता येते पण मग फास्ट स्टार्टअपही जातं, मी तशीच ठेवली.

आता गेम कुठे असतात ते. स्टीमचं सोपं आहे. काही बदललं नसेल तर सी ड्राइव्ह, प्रोग्राम फाइल्स एक्स ८६, त्यात स्टीम, त्यात स्टीमॲप्स, त्यात कॉमन. पाठ करायची पण गरज नाही, लायब्ररीत गेमवर राइट क्लिक करून मॅनेजमध्ये ब्राउज लोकल फाइल्स केलं की तोच फोल्डर समोर येतो. हलवायचा असेल तर सेटिंग्जमध्ये स्टोरेज, तिथे नवी ड्राइव्ह जोडायची, मग गेम निवडून मूव्ह. हातानी कट-पेस्ट करायला जाऊ नका, कारण कॉमनच्या बाहेर प्रत्येक गेमची एक छोटी फाइल असते ॲपमॅनिफेस्ट नावाची, स्टीम ती बघून ठरवतं की गेम आहे का नाही. ती मागे राहिली तर १०० जीबी समोर असूनही स्टीम म्हणणार इन्स्टॉल करा.

एपिक हे गेमचं दुसरं दुकान, त्याचे गेम सी ड्राइव्हच्या प्रोग्राम फाइल्समध्ये एपिक गेम्स फोल्डरात असतात. मी जुनी युक्ती वापरली, फोल्डर आधी कॉपी करून बाजूला ठेवला, मग गेम काढला, नव्या जागी इन्स्टॉल सुरू केला, दोन-तीन टक्के झाल्यावर थांबवून लाँचर (एपिकचं ॲप) बंद केलं आणि कॉपी केलेलं त्या नव्या फोल्डरवर पेस्ट केलं. परत सुरू केल्यावर ते फायली तपासत बसतं आणि जवळजवळ काहीच डाउनलोड करत नाही. एक्सबॉक्स ॲपचे गेम ड्राइव्हच्या मुळाशीच एक्सबॉक्सगेम्स फोल्डरात जातात, पण त्यातलं काही विंडोजॲप्स नावाच्या कुलूपबंद फोल्डरशी बांधलेलं असतं, तिथे हात घालायचा नाही. सेटिंग्जमध्ये इन्स्टॉल्ड ॲप्समध्ये जाऊन मूव्ह करायचं. आणि हो, त्यासाठी ड्राइव्ह एनटीएफएस फॉरमॅटचीच लागते. माझी एक्सफॅट आली होती, रिकामी होती तेव्हाच फॉरमॅट बदलून घेतला म्हणून वाचले.

पहिल्या दिवशी १२० जीबी हलवायला पाऊण तासाच्या वर लागला. स्पीड ४० एमबी. मी म्हटलं गेले साडेसहा हजार. मग लक्षात आलं की मी केबल काळ्या पोर्टमध्ये लावलीये, तो यूएसबी २.०, त्याची मर्यादाच ४८० मेगाबिट, म्हणजे प्रत्यक्षात ४० एमबीच्या आसपासच. निळ्या पोर्टमध्ये लावली तर ४०० च्या वर गेली, पाच मिनिटांचं काम. एवढ्याशा गोष्टीसाठी मी दुकानदाराला फोन करून भांडायच्या तयारीत होते.

रोजच्या वापरात खरं सांगू, आतली आणि बाहेरची यात मला फार फरक जाणवत नाही. विचर ३ लोड व्हायला काही सेकंद जास्त लागतात, बास. बाल्डर्स गेट ३ ला १५० जीबी जागा लागते आणि एसएसडी असं गरजेत लिहूनच दिलंय, तो बाहेरच्यावरून आरामात चालला. माझं इंटरनेट ४० एमबीपीएसचं, म्हणजे एवढा गेम परत उतरवायचा तर आठ तासांच्या वर, त्यामुळे "जागा नाही म्हणून काढला, परत टाकला" हा खेळ आता बंद झालाय आणि माझ्यासाठी पैसे इथेच वसूल.

तक्रारीही आहेत. मे महिन्यात, जेव्हा इंदूरमध्ये दुपारी पंखा पण गरम हवा फेकतो, तेव्हा मोठा गेम टाकताना हिची धातूची पाठ हात लावता येणार नाही इतकी तापते आणि स्पीड धपकन पडतो. रात्री करा. दुसरं, केबल. नुसता धक्का लागला तरी ड्राइव्ह सुटते, गेम बंद, आणि स्टीममध्ये सगळे गेम गेल्यासारखे करडे दिसतात. पहिल्यांदा झालं तेव्हा मी घाबरून इन्स्टॉल दाबणार होते, दाबू नका, स्टीम बंद करा, केबल नीट लावा, परत उघडा, सगळं जागेवर असतं. तिसरं, एकदा एका क्लायंटचा पेनड्राइव्ह आधी लावलेला होता आणि त्याने ई अक्षर घेतलं, माझी ड्राइव्ह एफ झाली, स्टीम बिचारं ई मध्ये शोधत बसलं. डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन हिला कायमचं जी करून टाकलं. जी फॉर गेम. तेव्हापासून त्रास नाही.

आता शेताची गोष्ट.

जानेवारीत लॅपटॉपवर एक अपडेट अर्धवट अडकलं, काही केल्या सुधरेना, शेवटी विंडोज नव्याने टाकायचं ठरवलं, सी पूर्ण फॉरमॅट. मी एकदम बिनधास्त, कामाचा सगळा डेटा दोन ठिकाणी, फोटो वेगळे, गेम तर जी वर. आणि झालंही झकास. नवीन विंडोज, स्टीम टाकलं, स्टोरेजमध्ये जी ड्राइव्ह जोडली आणि एका मिनिटात सगळे गेम हजर, एक एमबी डाउनलोड नाही. मी तर जिंकल्यासारखी आईला दाखवत होते, आई म्हणाली, "बरं झालं, आता भाजी चिर."

मेमध्ये सुट्टी लागली आणि भाची आली देवासहून. आल्या आल्या बॅग टाकून लॅपटॉप. दिवाळीच्या सुट्टीत तिने स्टारड्यू व्हॅली खेळायला सुरुवात केली होती, शेत, कोंबड्या, एक मांजर, दुसऱ्या वर्षाचा वसंत चालू होता आणि जत्रेतून स्ट्रॉबेरीचं बी घेऊन लावलेलं. मधे एकदा संक्रांतीला पण तिने फोनवर विचारलं होतं, "मावशी, माझ्या कोंबड्या बऱ्या आहेत ना?" मी म्हटलं हो हो. गेम उघडला तर लोडमध्ये काहीच नाही. रिकामं. तिने माझ्याकडे बघितलं, मी स्क्रीनकडे.

झालं असं की गेमचा फोल्डर जी वर होता पण तिचं शेत तिथे कधी नव्हतंच. स्टारड्यूचे सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला ते साठवणाऱ्या फायली, असतात सी ड्राइव्हवर, युझरच्या नावाच्या फोल्डरात, ॲपडेटा, रोमिंग, स्टारड्यू व्हॅली, सेव्हज. ॲपडेटा फोल्डर विंडोज लपवून ठेवतं म्हणून सहज दिसतही नाही. स्टीमवरून घेतला असता तर क्लाउडमध्ये राहिलं असतं, पण हा मी जीओजी नावाच्या दुसऱ्या गेम-साइटवरून घेतलेला, त्यांचं ॲप न टाकता ऑफलाइन इन्स्टॉलरने, म्हणजे क्लाउड वगैरे काही नाही. चूक शंभर टक्के माझी. फॉरमॅट होऊन चार महिने झालेले, त्यावर कितीदा नवीन डेटा लिहिला गेला असेल, परत मिळवायचं सॉफ्टवेअर पण चालवून पाहिलं, काही हाती लागलं नाही.

त्या संध्याकाळी छप्पन दुकानला (इंदूरची खाऊगल्ली) नेऊन काय काय खाऊ घातलं तरी चेहरा उतरलेलाच. आणि मोठ्या माणसांना हे कळत नाही, ताईला फोनवर सांगितलं तर ती म्हणे गेमच तर होता. गेम नव्हता गं, गेम तर आहे अजून.

त्यानंतर मी बसून माझ्याकडच्या एकेका गेमचे सेव्ह कुठे आहेत ते शोधलं, आणि एकाही गेमचं दुसऱ्याशी जुळत नाही. विचर ३ चे डॉक्युमेंट्समध्ये. सायबरपंकचे सेव्ह्ड गेम्स नावाच्या वेगळ्याच फोल्डरात. हॉलो नाइटचे ॲपडेटामध्ये लोकललो म्हणून एक असतं, त्यात टीम चेरी या तो बनवणाऱ्या कंपनीच्या नावाखाली, युनिटी या गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर बनवलेले बरेच गेम इथेच लिहितात. माइनक्राफ्टची जावावाली आवृत्ती रोमिंगमध्ये डॉट माइनक्राफ्ट, आणि तिथे तर तुमचं अख्खं जगच असतं. शोधायचं असेल तर विंडोज आणि आर दाबून पर्सेंट चिन्ह, ॲपडेटा, परत पर्सेंट चिन्ह असं टाइप करा, थेट रोमिंग उघडतं, एक पायरी वर गेलं की लोकल आणि लोकललो दिसतात.

गंमत म्हणजे हे सगळं मिळून माझ्याकडे २ जीबी पण भरत नाही. शेकडो जीबी गेमसाठी साडेसहा हजार घातले जे कधीही परत उतरवता येतात, आणि जे उतरवता येत नाही ते जुन्या ८ जीबीच्या पेनड्राइव्हवर मावलं असतं. आता त्यावरच ठेवते. दर महिन्याच्या २० तारखेला, म्हणजे जीएसटीचं ३बी रिटर्न भरलं की लगेच, तेवढे फोल्डर कॉपी. स्टीम क्लाउड आहे त्या गेमचेही करते, कारण सगळ्याच गेमना तो नसतो आणि कोणाला आहे कोणाला नाही ते लक्षात कोण ठेवणार.

घ्यायची का विचाराल तर, लॅपटॉपमध्ये दुसरा एम.२ स्लॉट (आत एसएसडी बसवायची खाच) रिकामा असेल तर आतलीच घ्या, केबलची कटकटच नाही. माझ्यात नव्हता. पुण्या-मुंबईच्या भावंडांना डेस्कटॉप आहेत, त्यांनी बाहेरच्याच्या फंदात पडू नये. आणि ऑनलाइन हजार-बाराशेत २ टीबी दिसली तर हात लावू नका, आत साधं मेमरी कार्ड असतं आणि आकडा खोटा दाखवतं, माझ्या ऑफिसमधल्या एकाने घेतली होती, भरत गेला तशा जुन्या फायली बिघडत गेल्या. एच२टेस्टडब्ल्यू म्हणून फुकट प्रोग्राम आहे, नवी ड्राइव्ह आली की रिकामी असतानाच तो चालवून खरी जागा मोजा.

सध्या ९३१ पैकी ८७ जीबी शिल्लक आहे. भाचीने जूनमध्ये जायच्या आधी नवीन शेत लावलं, मांजर या वेळी काळी घेतलीये. पेनड्राइव्हवर तिने स्वतः स्टिकर लावून "फॉरमॅट करू नये" असं लिहिलंय आणि जाताना तो सोबत देवासला घेऊन गेली, माझ्यावर सोडायला तयार नाही. त्यामुळे माझ्या बाकीच्या सेव्हसाठी मला दुसरा पेनड्राइव्ह आणावा लागणार आहे.