थोंग योद : पाक झकास, पण एका वेळी तीनच

आधीच सांगून टाकते, मी मिठाईवाली आहे. ठाण्यात, नौपाड्यात, घरूनच बुंदीचे लाडू, चिरोटे, अनारसे ऑर्डरीप्रमाणे करून देते. बावीस वर्षं झाली. त्यामुळे दुसऱ्याच्या कढईत डोकावायची खोड आहे. दुसरी खोड बॅडमिंटनची. खेळता येत नाही, पण मॅच लागली की पाक करपला तरी चालतो. (एकदा करपलाय.)

जानेवारीत लेकीकडे बँकॉकला गेलो, तेव्हा ह्यांची यादी लांबलचक होती, देवळं, बोटी, अमुक मजल्यावरचं तमुक. माझ्या यादीत एकच गोष्ट, थोंग योद. अंड्याच्या पिवळ्या बलकाचे पाकातले थेंब. थोंग म्हणजे सोनं, आणि योद म्हणजे थेंब थेंब सोडणं.

हे नाव मला खाण्यातून कळलं नाही, थायलंडची बॅडमिंटनपटू रत्चानोक इंतानोन हिच्यामुळे कळलं. ती ज्या क्लबात घडली त्याचं नाव बान थोंग योद, म्हणजे थोंग योदचं घर. ज्यांच्या मिठाईच्या कारखान्यात तिचे आईवडील कामाला होते, त्याच मालकीणबाईंचा हा क्लब. मंडळी यासोथोनची, म्हणजे ईशान्य थायलंडकडची. पोटासाठी बँकॉकला आलेली. पोर कारखान्यात इकडून तिकडे पळायची आणि तिथे दिवसभर पाक उकळत असायचा. मालकीण कमला थोंगकोन यांना भीती, की ही एक दिवस भाजून घेणार. म्हणून तिला कोर्टवर सोडलं.

ही गोष्ट पहिल्यांदा वाचली तेव्हा मी लाटणं खाली ठेवलं होतं. तेल उडालं तर भाजतं, पण ओघळून तरी जातं. पाक चिकटून बसतो. माझ्या डाव्या मनगटावर रुपयाएवढा डाग आहे, दोनतारी पाकाचा. तो पडला तेव्हा लेक साडेचार वर्षांची होती आणि माझ्या परकराला धरून उभी होती. चार दिवसांनी तिला गल्लीच्या टोकाच्या हॉलमध्ये बॅडमिंटनला घातली, संध्याकाळी पाच ते सात, म्हणजे माझी कढई उतरेपर्यंत. खेळाची आवड वगैरे नंतरची गोष्ट. ती दहावीपर्यंत खेळली, जिल्ह्याच्या पुढे गेली नाही, आता बँकॉकात एका कंपनीचे हिशेब बघते. तर त्या मालकीणबाईंचं मला अगदी आतून पटलं.

आता मिठाईकडे. मी घेतली ती ओर तोर कोर बाजारात. चातुचाकचा मोठा शनिवार-रविवारचा बाजार आहे ना, त्याच्या समोरच. काम्फेंग फेत नावाच्या मेट्रो स्टेशनातून बाहेर पडलं की आलाच. जरा महाग, पण स्वच्छ. फरशी कोरडी! मासळी आणि मिठाई एका छपराखाली असूनही वास एकमेकांत शिरत नाही, हे मला अजून कोडंच आहे. ज्या गाळ्यावरून घेतली तिथे एक बाई समोरच थेंब सोडत होती. मी तिथे वीसेक मिनिटं उभी राहिले. ह्यांनी तेवढ्यात दोन नारळपाणी संपवली.

कढई पितळेची, पसरट. पाक आपल्या एकतारीच्या आसपास, पण खळखळ उकळता. बलक फेटून फेसाळ केलेला, त्यात तांदळाचं पीठ, पीठ भज्यांपेक्षा थोडं सैल. बाईने तीन बोटांच्या टोकांवर ते उचललं आणि अंगठ्याने ढकललं. टप्. टप्. टप्. झारा नाही, पिशवी नाही, नळी नाही. प्रत्येक थेंब पाकात पडताना गोल होतो आणि मागे बारीकशी शेपटी राहते. फुगून वर आले की काढून दुसऱ्या, पातळ पाकात. त्या पाकाला मोगऱ्यासारख्या फुलांचा वास दिलेला असतो. मी बुंदी पाडते तेव्हा काम झारा करतो, मी नुसती ठोकते. इथे सगळं अंगठा करतो आणि कोपर जागचं हलत नाही.

तुम्हाला वाटेल मी आता मनगटाची तुलना करणार. करतेच, कारण तिथे उभी असताना मला दुसरं काही सुचत नव्हतं. रत्चानोकचा ड्रॉप, म्हणजे जाळीपलीकडे हळूच टाकलेला फटका, असाच सुटतो. हात स्मॅशसाठी उचललेला, समोरची मागे सरकलेली, आणि शेवटच्या क्षणी रॅकेटचं तोंड जरासं तिरपं. शटल जाळीला लागून टप्.

2013 च्या ऑगस्टमध्ये ग्वांगझूला जागतिक स्पर्धेच्या सेमीफायनलला हिनेच आपल्या सिंधूला 21-10, 21-13 असं गुंडाळलं होतं. दोघीही अठराच्या, रत्चानोक फक्त पाच महिन्यांनी मोठी. आपण सगळे सिंधूच्या ब्राँझवर खूश होतो, मीही पेढे वाटले, पण खरं सांगते, त्या दिवशी मी हरलेल्या पोरीपेक्षा जिंकलेल्या पोरीकडे जास्त बघत होते. फायनलला समोर चीनची ली श्वेरुई, ऑलिंपिक विजेती आणि पहिल्या नंबरची, शिवाय प्रेक्षक तिच्या घरचे. 22-20, 18-21, 21-14. एकेरीत एवढ्या लहान वयात जगज्जेतेपद आधी कोणालाच मिळालं नव्हतं, आणि थायलंडला तर ते पहिलंच.

त्याच्या आधीच्या वर्षीची मॅच मात्र मला टोचते. लंडन ऑलिंपिक, क्वार्टर फायनल, समोर चीनची वांग शिन. पहिला गेम हिने 21-17 ने घेतला आणि पुढचे दोन घालवले. हीच वांग शिन पुढे ब्राँझच्या मॅचला सायनासमोर गुडघा धरून बसली आणि मॅच सोडली. म्हणजे आपल्या त्या पदकाच्या वाटेवर ही सतरा वर्षांची पोरही कुठेतरी उभी आहे. ऑलिंपिक तिला कधी लाभलंच नाही. रिओला देशाचा झेंडा घेऊन चालली, आणि प्री-क्वार्टरला जपानच्या यामागुचीकडून हरली. टोकियोला क्वार्टर फायनलला तैवानच्या ताय त्झू-यिंगविरुद्ध पहिला गेम 21-14 घेतला, पुढचे दोन्ही 18-21. अगदी लंडनसारखंच. पॅरिसला त्याच ताय त्झू-यिंगला गटातच हरवलं, आणि क्वार्टर फायनलला इंडोनेशियाच्या तुनजुंगसमोर पहिला गेम 23-25 गेला तो गेलाच. चार ऑलिंपिक, पदक शून्य. 14 व्या वर्षी ज्युनियर जगज्जेती, तेही लागोपाठ तीन वर्षं, 2009 ते 2011. ते सगळं एका पारड्यात टाका आणि ही चार ऑलिंपिक दुसऱ्यात. मला अजून काटा स्थिर दिसत नाही.

बरं, चव. पहिला घास घेतला की आधी मोगरा येतो, मग साखर, आणि सगळ्यात शेवटी बलक. बाहेरून गुळगुळीत, आत जाळीदार. गुलाबजामाच्या जाळीपेक्षा घट्ट आणि रसगुल्ल्यासारखं दातात कुरकुरत नाही. अंड्याचा वास? येतो. खोटं कशाला बोलू. गरम असताना जवळजवळ नाही, फ्रीजमधून काढलं की चांगलाच. माझा नियम झाला, ताजे तीन. चौथ्याला जीभ थकते. ह्यांनी सात खाल्ले आणि रात्री जेवले नाहीत.

त्याच गाळ्यावर बलकाची अजून भावंडं होती. फोई थोंग म्हणजे बलकाच्या पाकातल्या शेवया, सुतासारख्या बारीक, लडी घालून ठेवलेल्या. दिसायला सगळ्यात सुंदर आणि खायला मला सगळ्यात कंटाळवाण्या, नुसती गोड दोरी. थोंग यिप म्हणजे चिमटे काढून फुलासारखं केलेलं. मेत खनून, म्हणजे फणसाची आठळी, हे मात्र जिंकलं. आत मुगाच्या डाळीचं पुरण आणि वरून बलकाचं पातळ आवरण. पुरण म्हटल्यावर मी पक्षपाती आहे हे मान्य.

हा प्रकार मूळचा थायलंडचा नाही. पोर्तुगीजांचा. सतराव्या शतकात अयुथ्याच्या, म्हणजे तिकडच्या जुन्या राजधानीच्या, दरबारात मारिया गुयोमार द पिन्हा नावाच्या बाईने तो रुजवला असं तिकडे मानतात, आणि तिच्या वडिलांचं घराणं गोव्याहून आलेलं असंही सांगतात. लेकीने हे वाचून दाखवलं तेव्हा मला गोव्याचा बेबिंका आठवला, त्यातही बलकच बलक. केरळात मुट्टमाला करतात, ती तर हुबेहूब फोई थोंग. मधला एवढा किनारा आमचा, आणि आम्हीच बलकाला मिठाईत घेतलं नाही. सोनं म्हणून लग्नात, वास्तुशांतीला तिकडे हे मानाने वाढतात. आमच्याकडे वास्तुशांतीला अंडं आणलं तर सासूबाई वास्तूच सोडतील.

तक्रार एकच, आणि ती मोठी. प्लास्टिकचा डबा, वर नुसता रबर. पाक सुटतोच. मुक्कामी पोचेपर्यंत पिशवीचा तळ चिकट, आणि माझी चांगली इरकलीही. त्या बाईला खुणेनेच अजून एक पिशवी मागितली होती, तिने हसून नमस्कार केला आणि पुढचं गिऱ्हाईक घेतलं. विमानात न्यायचा विचार असेल तर पाकातले थेंब घेऊच नका, मेत खनून घ्या. ते कोरडे असतात, दोन दिवस टिकतात.

डबा साठ बातला (बात म्हणजे तिकडचं चलन) पडला, पंधरा नग. आपल्या हलवायाच्या मानाने नगाला महाग, पण एकेक थेंब हाताने सोडलेला बघितल्यावर मी घासाघीस केली नाही. धंद्यातल्या माणसाला तेवढी लाज असते. पाचातले चार देते. अर्धा गुण डब्याचा कापला, अर्धा गारठल्यावर येणाऱ्या वासाचा.

परत आल्यावर करून बघितलं, अर्थात. सहा बलक, माझीच कढई, पाक बिनचूक. अंगठ्याने ढकलायला गेले तर पहिले दहा थेंब कढईबाहेर, ओट्यावर आणि भिंतीवर. मग जे पाकात पडले त्यांना शेपटी अशी लांब, की ह्यांनी विचारलं, बेडकाची पिल्लं आहेत का? लेकीला फोटो पाठवला. तिचं उत्तर आलं, "आई, कोपर हलतंय तुझं." हॉलमधले सर तिला हेच सांगायचे, आठवड्यातून तीनदा.