झूम एफ३ : लोकांना न थांबवता चित्रण करणाऱ्यांचा रेकॉर्डर
निरीक्षणात्मक माहितीपटात 'पुन्हा बोला' म्हणता येत नाही, म्हणून झूम कंपनीचा हा छोटा ध्वनी-रेकॉर्डर मोलाचा. ३२-बिट फ्लोटमुळे (अगदी हळू ते खूप मोठा आवाज एकत्र सामावणारी रेकॉर्डिंगची पद्धत) गेनचं, म्हणजे पातळी आधीच ठरवण्याचं, बटणच नाही. कुजबुजीनंतर अचानक आरडाओरडा झाला तरी पातळी एडिटिंगमध्ये बसवता येते. पण माइकचीच क्षमता ओलांडली, तर फाटलेला आवाज परत मिळत नाही. वाऱ्याची घरघरही तशीच राहते, तेव्हा केसाळ विंडशील्ड हवंच. दोन एए सेलवर चालतो. ४८ व्होल्ट फँटम (माइकला केबलमधूनच दिली जाणारी वीज) दिला की सेल लवकर उतरतात, यूएसबी-सीला पॉवरबँक जोडावी. चित्र आणि आवाज जुळवायला वाजवलेल्या क्लॅपने माणसं बिचकतात. त्याऐवजी रेकॉर्डरच्या लाइन आउटमधून (आवाज बाहेर देणाऱ्या जोडणीतून) कॅमेऱ्यात आवाज द्यावा, नंतर दोन्हीकडचे वेव्हफॉर्म (आवाजाचे आलेख) जुळवून सिंक होतं. इनपुट दोनच, घोळक्यातल्या गप्पांना अपुरे.