वाळूचं बेट आणि न फाडलेली पावती

गेल्या आठवड्यात आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर एक पोस्टर आलं. निळंशार तळं, किनाऱ्यावर ओळीने उभ्या मोठ्या गाड्या, रात्रीची शेकोटी आणि तिच्याभोवती बसलेली माणसं. जगातल्या सर्वांत मोठ्या वाळूच्या बेटावर पाच रात्री तंबूत राहायचं, गाडी आपणच चालवायची. कंपनीचं नाव नवं, फोन नंबर नवा. शेकोटीचा फोटो मात्र तोच, जो जानेवारी २०२४ मध्ये आम्हाला दाखवला होता. तो पाहिला आणि हात थरथरले. खाली दोघांनी ‘इंटरेस्टेड’ असं लिहिलंही होतं, म्हणून हे सगळं सविस्तर लिहिते आहे.

मी नौपाड्यात राहते, एका खासगी कंपनीत अकाउंट्स बघते. आम्ही अकरा जण होतो. त्यात माझे मिस्टर, माझी नणंद, तिचे ६८ वर्षांचे सासरे, एका मैत्रिणीचं कुटुंब आणि त्यांचा अकरा वर्षांचा मुलगा. सहल नेणारा माणूस अनोळखी नव्हता. सात वर्षं आम्ही त्याच्याबरोबर डोंगर चढलो होतो. शनिवारी रात्री ठाण्याहून कसारा लोकल पकडायची, पुढे जीपने बारी गाव, पहाटे कळसूबाई. हरिश्चंद्रगडावर पावसात एका नवख्या मुलीला हुडहुडी भरली तेव्हा त्याने अंगातला रेनकोट काढून तिला घातला होता. २०२२ मध्ये त्याने आम्हाला लडाखला नेलं, एक रुपया इकडचा तिकडे झाला नाही. सगळे त्याला दादा म्हणत. वयाने मोठी असून मीही म्हणत असे, आणि तो मला ताई म्हणायचा. वाशीत दुसऱ्या मजल्यावर त्याचं छोटं ऑफिस होतं, भिंतीवर आमचेच फोटो.

ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलंड राज्यातलं हे बेट बहुतेकांना फ्रेझर आयलंड म्हणून माहीत आहे. तिथल्या मूळच्या बुचुल्ला लोकांचं नाव आहे गरी. इंग्रजीत लिहिताना आधी के येतो, उच्चारात येत नाही. जून २०२३ मध्ये सरकारने हेच नाव अधिकृत केलं. लांबी सव्वाशे किलोमीटरच्या आसपास, १९९२ पासून जागतिक वारसा. वाळूवर उभं राहिलेलं घनदाट जंगल, पावसाच्या पाण्याने भरलेली गोड्या पाण्याची तळी आणि समुद्रकिनारा हाच हमरस्ता. त्या किनाऱ्यावर वाहतुकीचे नियम लागतात, वेगमर्यादा लागते, लहान विमानंसुद्धा उतरतात. दादाने हे सांगितलं तेव्हा तो मुलगा खुर्चीवरून उठून उभा राहिला होता.

माणशी १ लाख ४२ हजार, विमानाचं तिकीट आणि व्हिसा आपापला. जानेवारीत ४२ हजार, मार्चमध्ये ५०, जूनमध्ये ५०. सहल ऑगस्टची.

आता पहिल्या हप्त्याच्या दिवसाबद्दल सांगते, कारण सगळं तिथेच ठरलं. मी विचारलं, दादा, टीसीएस किती धरलाय? परदेशी सहलीचं पॅकेज विकणाऱ्याने गिऱ्हाईकाकडून हा आगाऊ आयकर घेऊन त्याच्या पॅनवर भरायचा असतो. त्या वर्षी सात लाखांपर्यंत पाच टक्के होता. पुढे मर्यादा बदलली, पण विकणाऱ्याची जबाबदारी तशीच राहिली. तो हसून म्हणाला, “ताई, तुमच्याकडून कसला टीसीएस घेऊ? बिल केलं तर पाच टक्के जीएसटी, पाच टक्के हा. माणशी चौदा हजार वाचवतोय तुमचे. घरचाच कार्यक्रम समजा.” पैसे त्याच्या बायकोच्या खात्यात यूपीआयने गेले. तिघांनी रोख दिले.

मला नियम माहीत होता. टीसीएस बुडत नाही, रिटर्न भरताना आपल्या करात वळता होतो किंवा परत मिळतो, हेही माहीत होतं. म्हणजे अर्धी बचत मुळात बचतच नव्हती. पण सात वर्षांच्या ओळखीत पावती मागायची म्हणजे समोरच्याला चोर म्हणण्यासारखं वाटलं. त्या चौदा हजारांच्या बदल्यात त्याने आमच्या हातातला पुरावा काढून घेतला होता. टीसीएस भरला असता तर माझ्या आयकर खात्यातच नोंद दिसली असती की अमुक माणसाने मला अमुक रकमेची परदेशी सहल विकली. आज ग्राहक आयोगापुढे मला ती नोंद सोन्यासारखी वाटली असती.

पुढेही तसंच होत गेलं. बेटावर गाडी न्यायचं परमिट? “मी काढतो, तुम्ही कशाला त्रास घेता.” गाड्यांचं बुकिंग? “माझ्यावर सोडा.” प्रत्येक वेळी आम्हाला हलकं वाटायचं, आणि प्रत्येक वेळी एक कागद आमच्याकडे येण्याऐवजी त्याच्याकडे राहायचा. मे महिन्यात त्याने तीन परमिटं पाठवली. वर सरकारी चिन्ह, खाली गाड्यांचे नोंदणी क्रमांक. आम्ही ती मोबाइलमध्ये साठवली आणि निश्चिंत झालो.

निघायच्या चार दिवस आधी फोन आला की आई आयसीयूत आहे. “तुम्ही पुढे व्हा ताई. ब्रिस्बेनला आपला माणूस भेटेल, सगळं तयार आहे.” त्याचा आवाज रडवेला होता. मी त्याला धीर दिला.

ब्रिस्बेनच्या विमानतळावर आपला माणूस नव्हता. त्याचा नंबर बंद होता. भाड्याच्या गाड्यांच्या काउंटरवर माझ्या नावाने तीन गाड्या खरोखर लागल्या होत्या, पण पैसे भरलेले नव्हते. असं बुकिंग कुणीही फुकट करू शकतो, गाडी घेताना पैसे द्यायचे असतात. आणि गाड्या शहरात चालवायच्या साध्या एसयूव्ही. वाळूच्या बेटावर उंच चेसिसची, लो रेंज गिअर असलेली फोर व्हील ड्राइव्हच लागते. काउंटरवरच्या मुलीने विचारलं, कुठे जाणार? माझ्या मिस्टरांनी खरं ते सांगितलं. तिने करारातला परिच्छेद काढून बोट ठेवलं. वाळूवर गाडी नेली तर विमा रद्द, होईल ते नुकसान तुमच्या कार्डातून.

दादाला फोन लावला. तो उचलला, हे आजही नवल वाटतं. म्हणाला, “ताई, काउंटरला बेटाचं नावच काढू नका. गाड्या घ्या, टायरमधली हवा काढा, सगळे तसंच करतात.”

त्या रात्री मोटेलच्या खोलीत आमच्यात जे भांडण झालं ते मी विसरणार नाही. दोघांचं म्हणणं, एवढे आलो आहोत, जाऊन बघू. नागावला, मुरुडला वाळूत रुतलेल्या गाड्या आपण सगळ्यांनी पाहिल्यात, भरती चढत असताना दोर लावून ओढणारी माणसं पाहिलीत. इथे तर मदतीला गाव नाही. नणंदेचे सासरे शांतपणे म्हणाले, “माझ्यासाठी म्हणून थांबू नका, पण त्या पोराला घेऊन जाऊ नका.” मग विषय संपला.

सकाळी राष्ट्रीय उद्यानांच्या सरकारी चौकशी क्रमांकावर परमिटचे नंबर वाचून दाखवले. त्यांच्याकडे अशी परमिटं नव्हती. मग मी ते कागद पहिल्यांदा नीट वाचले. तिथे गाडीचं परमिट त्या गाडीच्या नोंदणी क्रमांकावर निघतं. आमच्या गाड्या तर काउंटरवर ठरणार होत्या. जी गाडी आम्हाला मिळालेलीच नव्हती तिचा नंबर मे महिन्यातच परमिटवर छापलेला होता. कागद २०२४ चा, आणि त्यावर बेटाचं नाव फक्त फ्रेझर आयलंड.

कार्यक्रमपत्रिका काढली. रोज सकाळी नऊ वाजता किनाऱ्याने प्रस्थान, पाचही दिवस. माझं माहेर गुहागरजवळचं. वडील तिथीची पाऊणपट करून भरतीची वेळ सांगायचे. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहाला. समुद्र बदलला की घड्याळातली वेळ बदलते, पण भरती रोज पाऊण तासाच्या आसपास पुढे सरकते हे कुठेही खरं. या बेटावर भरतीच्या आधीचे आणि नंतरचे दोन तास किनाऱ्यावर गाडी नेऊ नका असं सांगतात. मग पाच दिवस नऊची वेळ कशी असेल? ती पत्रिका पाच महिने आमच्या फ्रिजवर लावलेली होती. आणि शेकोटी! त्या बेटावर किनाऱ्यावर शेकोटी पेटवायला बंदी आहे. फक्त दोन ठरावीक तळांवर उद्यानाने बांधलेल्या चुलाण्यांत, ते पण आपलं लाकूड नेऊन. डिंगो नावाचे रानकुत्रे असतात, म्हणून चौदा वर्षांखालच्या मुलांबरोबर कुंपण असलेल्या तळावरच राहा असा तिथला सल्ला आहे. आमचे पाचही तंबू पत्रिकेत उघड्या किनाऱ्यावर होते.

शेवटी आठ जणांनी पुन्हा पैसे काढून एका दिवसाची बससहल केली. तिघे आलेच नाहीत, खोलीतच बसून राहिले. बेटाकडे जाणारी बार्ज जिथून सुटते त्या इन्स्किप पॉइंटच्या किनाऱ्यावर आमच्यापुढे खरा ताफा उभा होता. पुढच्या गाडीत मार्गदर्शक, मागच्या प्रत्येक गाडीत रेडिओ. तो माणूस प्रत्येक चालकापाशी जाऊन टायरमधली हवा वीस पीएसआयच्या खाली आणल्याचं मापकावर दाखवून घेत होता, रुतलं तर चाक गरगर फिरवू नका, थांबा आणि सांगा, असं समजावत होता. आम्ही विकत घेतलं होतं ते हे. १९३५ मध्ये वादळात किनाऱ्याला लागलेल्या महेनो जहाजाचा गंजका सांगाडा पाहिला, बूरनगूरा तळ्याच्या काठाची पांढरी वाळू पाहिली. मुलगा पाण्यात खेळला. त्याची आई माझ्याशेजारी बसून रडत होती.

परत आल्यावर वाशीचं ऑफिस उघडं होतं. आईची तब्येत ठणठणीत होती. पैसे तिकडच्या पार्टीकडे अडकलेत, महिन्याभरात देतो, असं म्हणून त्याने तिघांना चेक दिले. तिन्ही वटले नाहीत. इथे एक गोष्ट नीट लक्षात ठेवा. चेक परत आल्याचा बँकेचा मेमो हातात पडला की तीस दिवसांच्या आत लेखी नोटीस गेली पाहिजे. तो मात्र “ताई, पुन्हा टाका, या वेळी वटेल” असं म्हणत राहिला. चेकची तीन महिन्यांची मुदत संपली, मागून नोटिशीचे तीस दिवसही गेले. दोघांचा तो मार्ग त्यामुळे बंद झाला. माझ्या नणंदेने पहिल्याच मेमोवर वकिलाकडून नोटीस धाडली, तिची केस चेक न वटल्याबद्दलच्या कलम १३८ खाली उभी आहे.

पोलीस ठाण्यात आधी सांगितलं की हा दिवाणी मामला आहे. खोटं परमिट समोर ठेवल्यावर ऐकून घेतलं. आम्ही अकरा जणांचा एकच लेखी अर्ज दिला आणि त्यावर पोच घेतली. भारतीय न्याय संहितेत फसवणुकीचं कलम ३१८ आहे, ते अर्जात लिहिलं. रोख देणाऱ्या तिघांकडे मेसेजशिवाय काही नाही, आणि त्यातल्या एकाचे तर दादाने पाठवलेले मेसेजही आपोआप पुसले जाण्याच्या सेटिंगमुळे गेलेत. चॅट आधी एक्स्पोर्ट करून ठेवा, भांडायला नंतर जा.

ग्राहक आयोगात मी स्वतः तक्रार केली आहे. २०१९ च्या कायद्यामुळे ती आपण राहतो त्या जिल्ह्यात करता येते, ऑनलाइन भरता येते, वकील सक्तीचा नाही, आणि दिलेली रक्कम पाच लाखांच्या आत असेल तर फी नाही. यूपीआयची नोंद, खोटं परमिट, गाडीच्या कराराचा फोटो, पत्रिका, एवढं जोडलं. समोरच्या बाजूचं म्हणणं असं आहे की हा मित्रांचा खासगी प्रवास होता, कंपनीचा संबंधच नाही. बिल आहे का, असं त्यांच्या वकिलाने मला विचारलं.

पोस्टरखाली ज्या दोघांनी नाव दिलं होतं त्यांना मी घरी जाऊन भेटले. एकाने वीस हजार भरले होते. त्याला म्हटलं, आजच तीन गोष्टी लेखी माग. कंपनीच्या नावाचं जीएसटी आणि टीसीएस लावलेलं बिल, तिथल्या ज्या कंपनीच्या गाड्या आहेत तिचं नाव, आणि परमिटचा नंबर. त्या कंपनीला आणि उद्यानाला तू स्वतः मेल टाक. त्याने माझ्यासमोरच मेसेज केला. उत्तर आलं, “दादा, तुमच्याकडून कसलं बिल घेऊ?”

भरलेल्या वीस हजारांची तक्रार त्याने त्याच संध्याकाळी सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर नोंदवली. पोस्टर अजून फिरतंय. ज्यांच्यापर्यंत पोचलंय त्यांना माझी कागदपत्रं पाहायची असतील तर मी दाखवीन.