दोन फटी की तीन पोलरायझर?

क्वांटम जगाचा विचित्रपणा टेबलावर दाखवायचा, तर दोन प्रयोग हाताशी आहेत.

दोन फटींच्या प्रयोगाचा दबदबा मोठा. ६५० नॅनोमीटरचा लाल लेसर, ०.२५ मिमी अंतरावरच्या दोन फटी आणि २ मीटरवर पडदा ठेवला की सुमारे ५.२ मिमी अंतराने पट्टे उमटतात. फटी जास्त रुंद झाल्या तर मोजकेच पट्टे दिसतात. आणि लेसरमध्ये डोकावायचं नाही, कधीच. पण हे पट्टे साध्या तरंगांनीही समजावता येतात. खरा धक्का १९८९ साली जपानमध्ये तोनोमुरा यांच्या गटाने दिला: इलेक्ट्रॉन एकेक करून सोडले, पडद्यावर सुटे ठिपके पडले आणि हजारो ठिपके साचल्यावर त्यांतूनच पट्टे दिसू लागले. हे घरी जमणार नाही.

पोलरायझरचे, म्हणजे प्रकाशाची एकाच दिशेतली कंपनं पार जाऊ देणाऱ्या फिल्मचे, तीन तुकडे मात्र स्वस्तात मिळतात. दोन काटकोनात धरा, अंधार. आता तिसरा ४५ अंशांत त्यांच्या मधोमध सरकवा. उजेड परत येतो! पहिल्यातून आलेल्या प्रकाशाचा आदर्श स्थितीत चौथा हिस्सा पार होतो. तिसरा तुकडा बाहेर लावला तर अंधार तसाच राहतो. थ्रीडी चष्म्याच्या काचा बहुधा वर्तुळाकार ध्रुवणाच्या (कंपनाची दिशा सतत फिरत राहणाऱ्या प्रकाशासाठीच्या) असतात, त्या इथे फसवतात.

तरंगांचं गणित इथेही चालतं. पण फोटॉन, म्हणजे प्रकाशाचा कण, एकेकटा पाठवला की त्याचा पाव तुकडा पलीकडे जात नाही. तो अख्खा जातो किंवा अडतो. म्हणजे मधला तुकडा नुसती चाळणी नाही, तो फोटॉनची अवस्थाच बदलतो. वर्गासाठी आम्ही पोलरायझरच निवडू.