प्राइमचे फुकट गेम्स: ॲमेझॉनचं ॲप की जीओजीचा कोड?

ॲमेझॉन प्राइमच्या सदस्यांना मिळणारे पीसी गेम्स एकाच वाटेने येत नाहीत. काही ॲमेझॉनच्या स्वतःच्या गेम्स ॲपमध्ये जमा होतात, तर काहींसाठी जीओजी या गेम्सच्या ऑनलाइन दुकानाचा कोड मिळतो. मायक्रोसॉफ्टच्या गेम पास या वर्गणीच्या सेवेतला गेम सदस्यत्व संपल्यावर बंद होतो. प्राइमवर मात्र एकदा घेतलेला गेम दोन्ही वाटांनी आपल्याकडेच राहतो. फरक आहे तो गेम ‘आपल्याकडे’ म्हणजे नेमका कुठे राहतो, यात.

ॲमेझॉनचं ॲप सोयीचं आहे. बटण दाबलं की गेम उतरतो, अपडेटही तेच करतं. पण वेगळी इन्स्टॉलर फाइल ते देत नाही. पीसी फॉरमॅट केला की पुन्हा तेच ॲप, तेच लॉगिन, त्यांचाच सर्व्हर. एखादा गेम ॲपशिवाय थेट फाइलवरून चालेलही, पण तो नशिबाचा भाग.

जीओजी २००८ पासून डीआरएम (कॉपी रोखणारं डिजिटल कुलूप) नसलेले गेम्स विकतंय. कोड टाकला की गेम तुमच्या खात्यात, आणि तिथून ऑफलाइन इन्स्टॉलर उतरवता येतो. गॅलेक्सी हा त्यांचा लाँचर, म्हणजे गेम उतरवणारं आणि चालवणारं ॲप, ऐच्छिक आहे. इन्स्टॉलर बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवा. नंतर इंटरनेट नसलेल्या पीसीवरही तो चालतो, परवानगी कुणालाच विचारत नाही. कटकटीही आहेत: मोठ्या गेमच्या फाइलींचे तुकडे असतात, लाँचर नसेल तर अपडेट हाताने करावे लागतात आणि ऑनलाइन मल्टिप्लेअरला बऱ्याचदा गॅलेक्सी लागतंच.

एकट्याने खेळायच्या जुन्या गेमसाठी मी डोळे झाकून जीओजी निवडेन. फक्त कोडला मुदत असते, तो लगेच वापरा. आणि इन्स्टॉलर खरंच उतरवून ठेवा. नुसता खात्यात पडलेला गेम तिथेही सर्व्हरच्याच भरवशावर असतो.